पानिपतचा इतिहास आणि इतिहासलेखनाचे प्रयोजन : राजवाडे ते शेजवलकर

प्रस्तावना

इतिहास कशासाठी लिहावयाचा आणि तो कसा लिहावयाचा, हे दोन प्रश्न सामान्यतः वेगवेगळे मानले जातात. पहिला तत्त्वज्ञानाचा आणि दुसरा संशोधनपद्धतीचा, अशी त्यांची वाटणी महाविद्यालयीन अभ्यासक्रमातही केलेली असते. इतिहासलेखनशास्त्राच्या अध्यापनात रांके, कॉलिंगवुड, कार यांचे विचार एका प्रकरणात येतात आणि साधनांचे बहिरंग व अंतरंग परीक्षण दुसऱ्या प्रकरणात शिकविले जाते. इतिहासकाराच्या प्रत्यक्ष व्यवहारात मात्र ही वाटणी टिकत नाही. कोणता कागद महत्त्वाचा मानावयाचा, त्याला कोणता प्रश्न विचारावयाचा आणि मिळालेले उत्तर कोणासमोर ठेवावयाचे, या प्रत्येक निर्णयात इतिहासाच्या प्रयोजनाविषयीची एक धारणा दडलेली असते.

ही गोष्ट तपासण्यासाठी महाराष्ट्राच्या इतिहासलेखनात एक उत्तम उदाहरण उपलब्ध आहे. १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपत येथे अहमदशहा अब्दालीकडून मराठी सैन्याचा पराभव झाला. या एका दिवसाविषयी वि. का. राजवाडे, सर जदुनाथ सरकार, गो. स. सरदेसाई आणि त्र्यं. शं. शेजवलकर या चार थोर अभ्यासकांनी १८९८ ते १९६१ या काळात लेखन केले. त्यांच्यासमोरील साधने बहुतांशी समान होती. चौघेही परिश्रमी होते आणि चौघांचीही सत्यावर निष्ठा होती. तरीही त्यांचे निष्कर्ष एकमेकांशी जुळत नाहीत. हे का घडले, याचा शोध घेणे आणि त्यातून इतिहासलेखनाच्या प्रयोजनाविषयी काय हाती लागते हे पाहणे, हा प्रस्तुत निबंधाचा उद्देश आहे.

बखरकार आणि ग्रँट डफ

पानिपतचा पहिला इतिहास बखरकारांनी लिहिला. ‘भाऊसाहेबांची बखर’ आणि रघुनाथ यादव यांची ‘पानिपतची बखर’ या त्यांतील दोन प्रसिद्ध बखरी होत. मराठी गद्याचा नमुना म्हणून त्यांचे मोल वादातीत आहे. इतिहास म्हणून पाहता मात्र त्यांचे स्पष्टीकरण दोन खुंट्यांवर टांगलेले दिसते. पहिली खुंटी दैवगतीची आणि दुसरी व्यक्तींच्या स्वभावाची. नजीबखान नाहीसा झाला तर पेशव्यांना आपली गरज उरणार नाही, असा मल्हारराव होळकरांचा हिशोब होता, ही सर्वपरिचित समजूत बखरीतूनच रूढ झाली. बखरकाराला श्रोता समोर दिसत असे. हळहळ व्यक्त करणे, बोध देणे आणि कोणाच्या तरी पदरी दोष घालणे ही त्याची गरज होती. आकडे लाखांत सांगितले म्हणजे प्रसंगाची भव्यता वाढते, हेही त्याला ठाऊक होते.

दुसरा इतिहास राज्यकर्त्यांनी लिहिला. साताऱ्यास ब्रिटिशांचा प्रतिनिधी म्हणून काम केलेल्या जेम्स ग्रँट डफ याचा मराठ्यांच्या इतिहासाचा त्रिखंडात्मक ग्रंथ १८२६ मध्ये लंडन येथे प्रसिद्ध झाला. डफने अस्सल कागद पाहिले होते, ही बाब नाकारता येत नाही. परंतु नुकत्याच जिंकलेल्या प्रदेशाचा पूर्वेतिहास समजून घेणे हे त्याचे प्रयोजन होते. मराठ्यांचा उदय हा सह्याद्रीच्या रानातील वणव्यासारखा अकस्मात भडकला, ही त्याची उपमा पुढे पाऊणशे वर्षे मराठी विचारवंतांना डाचत राहिली. १८६८ च्या सुमारास नीळकंठ जनार्दन कीर्तने यांनी डफच्या ग्रंथावर टीका लिहिली. विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी ‘निबंधमाले’तून स्वकीयांनी स्वतःचा इतिहास लिहिण्याची निकड मांडली. १८७८ पासून ‘काव्येतिहाससंग्रहा’तून जुन्या बखरी व पत्रे प्रसिद्ध होऊ लागली. १९०० मध्ये न्या. म. गो. रानडे यांनी मराठी सत्तेच्या उदयामागील धार्मिक व सामाजिक कारणांचा शोध घेणारा ग्रंथ लिहून वणव्याच्या उपमेला उत्तर दिले. परकीयाच्या इतिहासाला उत्तर द्यावयाचे तर नवा अभिमान पुरेसा नाही, नवी साधने हवीत, ही जाणीव या सर्व प्रयत्नांतून दृढ होत गेली. राजवाड्यांचे कार्य या पार्श्वभूमीवर समजून घेणे आवश्यक आहे.

राजवाडे : अस्सल पत्र आणि अपराध्याचा शोध

‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड १८९८ मध्ये प्रसिद्ध झाला. वाई येथे मिळालेल्या, १७५० ते १७६१ या काळातील पत्रांचा तो संग्रह होता आणि पानिपतचा प्रसंग हाच त्याचा केंद्रबिंदू होता. पुढे या मालेचे एकूण बावीस खंड निघाले. गावोगाव पायपीट करून, वाड्यांच्या माळ्यांवरून आणि अडगळीच्या खोल्यांतून राजवाड्यांनी दप्तरे गोळा केली. समकालीन पत्राचा एक चिटोराही उत्तरकालीन बखरींच्या ढिगाहून अधिक विश्वसनीय असतो, हा त्यांचा आग्रह होता. मराठी इतिहाससंशोधनाची शिस्त या आग्रहातून घडली. १९१० मध्ये पुणे येथे त्यांच्या पुढाकाराने स्थापन झालेल्या भारत इतिहास संशोधक मंडळाने हीच परंपरा पुढे चालविली.

येथे एक बाब नोंदविणे अगत्याचे आहे. अस्सल पत्र हाती आले म्हणजे तथ्य हाती आले, अशी समजूत सर्रास आढळते. प्रत्यक्षात अठराव्या शतकातील मोडी पत्र वाचणे हेच अर्थ लावण्याचे काम असते. शब्द सुटे लिहिलेले नसतात. मायन्यावरून लेखक व वाचक यांचे परस्परसंबंध ओळखावे लागतात. अनेक पत्रांवर केवळ चांद्र महिन्याची तारीख असते आणि वर्षाचा उल्लेखच नसतो. मजकुरातील व्यक्ती, मुक्काम आणि घटना यांवरून संपादकाला वर्ष ठरवावे लागते. म्हणजे एखादे पत्र १७५९ चे की १७६० चे, हा निर्णय पत्र स्वतः देत नाही. तो संपादक देतो, आणि देताना घटनाक्रमाचे एक चित्र त्याच्या मनात आधीच तयार असते. कागद आणि अन्वयार्थ यांच्यातील भिंत म्हणूनच आपण समजतो तितकी भक्कम नसते.

राजवाड्यांनी या खंडाला विस्तृत प्रस्तावना जोडली. पराभवाची कारणे शोधताना त्यांचा रोख प्रामुख्याने गोविंदपंत बुंदेले आणि मल्हारराव होळकर यांच्याकडे वळला. सदाशिवरावभाऊंनी रसद व पैका पाठविण्याविषयी गोविंदपंतांना वारंवार लिहिलेली पत्रे समोर असल्यामुळे, पैसा वेळेवर न पोचणे म्हणजे कर्तव्यात कसूर, असा निष्कर्ष काढणे सोपे होते. पुढील अभ्यासकांनी या निष्कर्षाला आक्षेप घेतले. दोआबातून अब्दालीची रसद तोडण्याच्या कामगिरीवर असतानाच डिसेंबर १७६० मध्ये गोविंदपंत मारले गेले, ही गोष्ट त्यांच्यावरील आरोपाशी सहजपणे जुळत नाही. शिवाय मागणीचे पत्र हा मागणीचा पुरावा असतो. ती पुरी करण्याची शक्यता होती की नाही, याचा तो पुरावा नसतो.

राजवाड्यांची चूक काढणे हा येथील मुद्दा नाही. बखरींचे साधन म्हणून असलेले मोल ज्यांनी परखडपणे नाकारले, त्यांच्याच हातून बखरकाराचा प्रश्न मात्र सुटला नाही, ही लक्षणीय बाब आहे. साधन बदलले, पण दोष कोणाचा, हा प्रश्न तोच राहिला. पारतंत्र्यात असलेल्या समाजाला आपल्या ऱ्हासाचे कारण शोधावयाचे होते आणि त्या शोधाला अपराधी व्यक्तीचे रूप येणे स्वाभाविक होते. राजवाड्यांची पद्धती आधुनिक होती. तथापि प्रयोजनाची मुळे जुन्या भूमीत होती.

सरकार आणि सरदेसाई : साधने समान, निर्णय भिन्न

जदुनाथ सरकार यांनी पानिपतकडे दिल्लीच्या बाजूने पाहिले. मोगल साम्राज्याच्या ऱ्हासावरील त्यांचा चतुःखंडात्मक ग्रंथ १९३२ ते १९५० या काळात प्रसिद्ध झाला आणि त्याच्या दुसऱ्या खंडात पानिपतचे सविस्तर विवेचन आले. मराठी पत्रांबरोबरच फारसी साधनांचा त्यांनी काटेकोर उपयोग केला. सुजाउद्दौल्याच्या पदरी असलेल्या काशीराजाने १७८० मध्ये लिहिलेला वृत्तांत त्यांपैकी एक. तो प्रत्यक्षदर्शी माणसाचा असला तरी घटनेनंतर सुमारे वीस वर्षांनी लिहिलेला आहे, म्हणून तो इतर साधनांशी ताडून पाहणे आवश्यक ठरते. बखरींतील लाखांच्या आकड्यांना सरकारांनी फाटा दिला. रणांगणावरील अब्दालीचे लढाऊ सैन्य सुमारे ६० हजार आणि मराठ्यांचे सुमारे ४५ हजार, असा हिशोब त्यांनी मांडला. निव्वळ एका बाजूच्या भाषेतील कागदांवर युद्धाचा इतिहास लिहिता येत नाही, हा त्यांच्या लेखनाने घालून दिलेला धडा होय.

सरकारांच्या मते पानिपतचा पराभव निर्णायक होता. सेनानींची एक पिढी एका दिवसात नाहीशी झाली, उत्तरेतील मराठ्यांचा दबदबा ओसरला आणि पेशव्यांच्या घरात रघुनाथरावाच्या महत्त्वाकांक्षेला मोकळे रान मिळाले, असा त्यांचा युक्तिवाद आहे.

सरदेसाई हे सरकारांचे दीर्घकालीन स्नेही. बडोदे संस्थानातील सेवेत असतानाच त्यांनी रियासतींच्या लेखनास प्रारंभ केला. १९४६ ते १९४८ या काळात प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या तीन खंडांच्या इंग्रजी इतिहासात मात्र पानिपतविषयीचा निर्णय वेगळा आहे. मनुष्यहानी भयंकर झाली हे मान्य करूनही या पराभवाने मराठी सत्ता मोडली नाही, असे त्यांचे प्रतिपादन आहे. माधवराव पेशव्यांच्या कारकिर्दीत सत्ता पुन्हा सावरली आणि १७७२ च्या जानेवारीत महादजी शिंद्यांच्या संरक्षणाखाली शाहआलम बादशहा दिल्लीत परतला, ही वस्तुस्थिती त्यांच्या बाजूने उभी राहते.

दोघांनी एकमेकांचे कागद पाहिले होते आणि परस्परांशी दीर्घकाळ पत्रव्यवहार केला होता. मग निर्णयात अंतर का पडले? घटनेच्या परिणामाची मोजणी कोठे थांबवावयाची, या एका प्रश्नावर उत्तर अवलंबून आहे. मोजणी १७६१ च्या अखेरीस थांबविली तर पेशव्यांचा जून महिन्यातील मृत्यू, रिकामा खजिना आणि गमावलेला पंजाब दिसतो. ती १७७२ पर्यंत नेली तर पुनरुत्थान दिसते. ती १८०३ किंवा १८१८ पर्यंत नेली तर पुन्हा निराळे चित्र उभे राहते. कालमर्यादा कागदात लिहिलेली नसते. ती इतिहासकार निवडतो. मोगल साम्राज्याच्या अस्ताची कथा सांगणाऱ्याला पानिपत ही एक समाप्ती वाटते. मराठ्यांच्या राज्याची कथा सांगणाऱ्याला तो एक टप्पा वाटतो. दोन्ही निर्णय अप्रामाणिक नाहीत. आपण कोणाची कथा सांगत आहोत हे मात्र दोघांनाही आधी ठरवावे लागले.

दप्तर कोणाचे?

इतिहासलेखनाविषयीचा वाद केवळ ग्रंथांच्या पानांत होत नसतो. दप्तरखान्याच्या दारातही तो होतो. पुण्यातील पेशवे दप्तर सरकारच्या ताब्यात होते. त्यातील हजारो रुमाल अभ्यासकांना सहजपणे खुले नव्हते. मुंबई सरकारने त्यातून निवडक कागद प्रसिद्ध करण्याचे काम सरदेसायांकडे सोपविले आणि १९३० ते १९३४ या काळात त्याचे ४५ खंड प्रसिद्ध झाले. पानिपतच्या प्रकरणाविषयीची अत्यंत महत्त्वाची पत्रे या मालेतूनच प्रथम प्रकाशात आली. एवढ्या अल्पावधीत एवढे कार्य पार पडले, ही असामान्य गोष्ट होती.

परंतु भारत इतिहास संशोधक मंडळाच्या वर्तुळातून, विशेषतः दत्तो वामन पोतदार प्रभृतींकडून, या व्यवस्थेविषयी तीव्र नाराजी व्यक्त झाली. मोडी वाचनात मुरलेले पुण्याचे संशोधक दाराबाहेर आणि सरकारमान्य संपादक आत, ही स्थिती त्यांना अन्याय्य वाटली. उलट बाजूने, सार्वजनिक ठेव्याची निवड निःस्वार्थी व शिस्तबद्ध हातांकडे असावी, प्रांताभिमानाने भारलेल्या मंडळींकडे नसावी, अशी सरकारांची भूमिका होती. दीपेश चक्रवर्ती यांनी २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जदुनाथ सरकारांवरील ग्रंथात या संघर्षाची तपशीलवार मांडणी केली आहे. विद्यापीठीय शिस्तीत वावरणारा इतिहास आणि समाजात वावरणारा इतिहास यांच्यातील ताण त्यांनी या वादात पाहिला.

या वादात दोन्ही पक्षांकडे सत्याचा एकेक अंश होता. पुणेकर संशोधकांचे लेखन पुष्कळदा अभिमानाने भारलेले असे, हा आक्षेप निराधार नव्हता. पण निवड करणारा एकच आणि न निवडलेले कागद कोणालाच दिसत नाहीत, अशी स्थिती असेल तर निवड योग्य झाली की नाही हे तपासावे कसे, या प्रश्नालाही उत्तर नव्हते. येथे पद्धतीचा प्रश्न थेट प्रयोजनाशी जाऊन भिडतो. इतिहास हे पडताळून पाहता येणारे ज्ञान आहे असे मानले, तर पडताळणीचे साधन वाचकाच्या आवाक्यात असणे हा त्या ज्ञानाचाच भाग ठरतो. केवळ सोयीचा भाग राहत नाही. संपादकाच्या सचोटीवर विश्वास ठेवणे आणि मूळ कागद पाहावयास मिळणे या दोन गोष्टी एकमेकींची जागा घेऊ शकत नाहीत.

शेजवलकर : पराभवाला विचारलेला निराळा प्रश्न

त्र्यंबक शंकर शेजवलकर यांचा पानिपतवरील इंग्रजी प्रबंध डेक्कन कॉलेजतर्फे १९४६ मध्ये प्रसिद्ध झाला आणि मराठी ग्रंथ १९६१ मध्ये, म्हणजे संग्रामाला दोनशे वर्षे पूर्ण होताना आला. शेजवलकरांनी मागील सर्वांच्या साधनांचा उपयोग केला. पण त्यांत रणभूमीच्या भूगोलाची भर घातली. वाटा, नद्यांचे उतार, गावांमधील अंतरे, तोफखान्याची हालचाल यांना त्यांच्या विवेचनात स्थान आहे. ऑक्टोबर १७६० मध्ये कुंजपुरा जिंकल्यावर यमुना ओलांडून अब्दाली मराठ्यांच्या दक्षिणेस आला आणि दिल्लीशी असलेला संबंध तुटला. त्यानंतर पानिपतच्या छावणीत सुमारे अडीच महिने झालेली उपासमार ही एखाद्या माणसाच्या फितुरीहून भूगोल व दळणवळण यांच्या भाषेत अधिक नीट समजते.

शेजवलकरांचे मोठेपण आणखी एका गोष्टीत आहे. त्यांनी आपले प्रयोजन लपविले नाही. पानिपत हा दोन सैन्यांचा सामना नसून हिंदुस्थानचा कारभार हिंदुस्थानातील सत्तांनी पाहावा की बाहेरून येणाऱ्या आक्रमकाने त्याचा निकाल लावावा, या प्रश्नावरील संघर्ष होता, अशी त्यांची भूमिका होती. त्यामुळे भाऊसाहेबांच्या राजकारणाचे त्यांनी समर्थन केले आणि नानासाहेब पेशव्यांच्या नेतृत्वाची कठोर चिकित्सा केली. ही भूमिका वादग्रस्त आहे. अठराव्या शतकातील सरदारांच्या मनात देशाची अशी कल्पना होती काय, असा आक्षेप घेता येतो. नजीब, सुजाउद्दौला किंवा सूरजमल जाट यांच्या दृष्टीने दख्खनहून आलेली फौज कितपत आपली होती, असेही विचारता येते. परंतु हे आक्षेप घेता येतात, याचे कारण लेखकाने आपली भूमिका उघडपणे मांडली आहे. भूमिका नसल्याचा आव आणणाऱ्या इतिहासापेक्षा भूमिका सांगून पुरावा समोर ठेवणारा इतिहास तपासण्यास सोपा असतो.

येथे एक योगायोग नमूद करण्यासारखा आहे. १९६१ च्या प्रारंभीच ई. एच. कार यांनी केंब्रिज येथे इतिहास म्हणजे काय या विषयावर व्याख्याने दिली आणि तथ्य व इतिहासकार यांच्यातील अखंड संवाद म्हणून इतिहासाकडे पाहिले. घडले तसे दाखविणे हेच इतिहासकाराचे काम, हा रांके यांच्या १८२४ मधील प्रस्तावनेतून रूढ झालेला आदर्श त्यांनी अपुरा ठरविला. त्याच वर्षी मराठीत शेजवलकरांचा ग्रंथ वाचकांसमोर आला. कारांचा सिद्धान्त महाराष्ट्रात पुढे अभ्यासक्रमाद्वारे पोचला; त्याचा प्रत्यय देणारा व्यवहार मात्र येथे आधीच चालू होता.

फितूर की फितवा : प्रश्न बदलल्यावर

१९६० नंतरच्या संशोधनाने मराठा इतिहासाला नवे प्रश्न विचारले. अ. रा. कुलकर्णी यांचा शिवकालीन महाराष्ट्राच्या आर्थिक व सामाजिक जीवनावरील ग्रंथ १९६९ मध्ये प्रसिद्ध झाला. जपानी अभ्यासक हिरोशी फुकाझावा यांनी दख्खनमधील गाव, वतन व बलुतेदारी यांचा अभ्यास केला. आंद्रे विंक यांनी १९८६ मधील ग्रंथात ‘फितवा’ या संकल्पनेचा नव्याने विचार केला. प्रतिपक्षातील असंतुष्टांशी संधान बांधणे, त्यांना हक्क व इनामे देऊन वळविणे ही त्या काळच्या राज्यविस्ताराची नित्याची रीत होती; ती केवळ नैतिक अधःपतनाची खूण नव्हे, असे त्यांच्या विवेचनातून दिसते. स्ट्युअर्ट गॉर्डन यांच्या १९९३ मधील ग्रंथातही मराठा सत्तेकडे महसूल आणि स्थानिक हक्कदारांशी होणाऱ्या वाटाघाटी यांच्या अंगाने पाहिले आहे.

या दृष्टीने पाहिल्यास गोविंदपंतांना गेलेली तीच पत्रे वेगळे बोलू लागतात. पुण्यापासून शेकडो कोसांवर असलेल्या फौजेचा खर्च कसा चालत असे? वसुली, हुंडी आणि सावकाराचे कर्ज यांची साखळी युद्धामुळे कोठे तुटली? ज्या परगण्यातून पैसा उभा करावयाचा, तेथेच शत्रूच्या फौजा फिरत असतील तर मामलेदाराच्या हाती काय उरते? मल्हाररावांची सबुरी हा देखील केवळ स्वभावदोष राहत नाही. उत्तरेत अनेक वर्षे करारमदार करीत वावरलेल्या सरदाराचे राजकारण म्हणून ती तपासावी लागते. यातून कोणी निर्दोष ठरतो असे नाही. पण निवाड्याच्या जागी स्पष्टीकरण येते.

त्याचबरोबर साधनांच्या मर्यादाही उघड होतात. ही पत्रे सेनापती, सरदार, मामलेदार आणि त्यांचे कारकून यांची आहेत. छावणीत लढवय्यांखेरीज बायकामुले, यात्रेकरू, व्यापारी, शागीर्दपेशा आणि बाजारबुणगे यांचा मोठा समुदाय होता. उपासमारीची सर्वाधिक झळ त्यांना लागली आणि पराभवानंतर कत्तल व गुलामगिरी त्यांच्याच वाट्याला आली. त्यांनी लिहिलेले पत्र मिळत नाही, कारण लेखणी त्यांच्या हाती नव्हती. मराठी इतिहासलेखनात तर या समुदायाचा उल्लेख बहुधा सैन्याच्या गळ्यातील लोढणे म्हणूनच येत राहिला. अस्सल कागदाला प्रमाण मानण्याची शिस्त अपरिहार्य आहे. पण ज्याचा कागद नाही त्याचा इतिहास नाही, असा तिचा अर्थ झाला तर शिस्तच अन्यायाचे साधन बनते. महात्मा फुले यांनी १८६९ मध्ये शिवाजी महाराजांवर पोवाडा रचला, तेव्हा इतिहास कोणाच्या नजरेतून सांगितला जातो हा प्रश्न त्यांनी दप्तरांच्या शोधापूर्वीच उभा केला होता. दप्तरे सापडल्यानंतरही तो प्रश्न संपला नाही.

लोकस्मृती आणि इतिहासकाराची जबाबदारी

पानिपतची बहुसंख्य मराठी माणसांना झालेली ओळख वरील ग्रंथांतून झालेली नाही. ‘पानिपत झाले’ हा वाक्प्रचार, बखरीतील प्रसंग आणि १९८८ मध्ये प्रसिद्ध झालेली विश्वास पाटील यांची कादंबरी यांतून ती घडली आहे. २०१९ मध्ये याच विषयावरील हिंदी चित्रपट प्रदर्शित झाला तेव्हा सूरजमल जाट यांच्या चित्रणावरून राजस्थानात निदर्शने झाली आणि चित्रपटातील काही भाग वगळावा लागला. अडीचशेहून अधिक वर्षांपूर्वीच्या एका राजकीय निर्णयाचा जाब वर्तमानकाळातील समाज एकमेकांना विचारताना दिसले.

अशा प्रसंगी इतिहासकाराकडून निकालपत्राची अपेक्षा केली जाते. सूरजमल दिल्लीहून परत गेले ते योग्य की अयोग्य, याचे एका शब्दात उत्तर हवे असते. इतिहासकाराने त्या मागणीला बळी पडू नये. पण तिच्यापासून पळूही नये. निर्णयाच्या वेळी कोणते पर्याय उपलब्ध होते, त्याविषयी कोणत्या बाजूची कोणती साधने आहेत आणि ती किती विश्वसनीय आहेत, हे सामान्य वाचकाला समजेल अशा भाषेत सांगणे हे त्याचे काम आहे. ते काम अभ्यासकांनी टाळले की ती जागा अभिमान आणि अपमान यांनी भरली जाते. या दृष्टीने पाहता पुणेकर संशोधकांनी मराठीतून, समाजासमोर इतिहास मांडण्याचा धरलेला आग्रह आणि सरकारांनी शिस्तीचा धरलेला आग्रह यांना परस्परांची गरज होती, असे म्हणावे लागते.

समारोप

पानिपतच्या इतिहासलेखनाचा हा आढावा काही निष्कर्षांकडे नेतो. नव्या साधनांचा शोध इतिहासाला पुढे नेतो. परंतु प्रश्न जुनाच राहिला तर उत्तरही जुन्याच वळणावर जाते. राजवाड्यांनी साधन बदलले. सरकारांनी साधनांचा परीघ वाढविला. सरदेसायांनी कालमर्यादा बदलून निर्णय बदलला. शेजवलकरांनी आपली भूमिका उघड करून भूगोल आणि राजकारण यांची सांगड घातली. पुढील संशोधनाने अपराध्याच्या जागी व्यवस्थेचा विचार केला. यांपैकी कोणताही टप्पा आधीच्या टप्प्यावाचून शक्य नव्हता. म्हणून त्यांच्यातील मतभेद हे इतिहासाच्या दुबळेपणाचे लक्षण नसून त्याच्या चालीचे लक्षण आहे.

मतभेद आहेत म्हणून सर्वच मते सारखी, असा मात्र याचा अर्थ होत नाही. वाचकाला मूळ पुराव्यापर्यंत परत नेणारा इतिहास आणि वाचकाला केवळ निर्णयापर्यंत नेऊन सोडणारा इतिहास यांत भेद करावा लागतो. राजवाड्यांचा गोविंदपंतांविषयीचा निष्कर्ष पुढे तपासता आला, कारण ज्या पत्रांवरून तो काढला ती पत्रे त्यांनी स्वतःच छापून सर्वांसमोर ठेवली होती. स्वतःच्या निष्कर्षाविरुद्ध उपयोगी पडेल असा पुरावाही जतन करून दुसऱ्याच्या हाती देणे, हे त्यांच्या कार्याचे खरे मोल होय. आज मोडी वाचू शकणाऱ्यांची संख्या रोडावत असताना आणि पदव्युत्तर प्रबंध बहुधा छापील ग्रंथांवरच उभे राहत असताना, इतिहासाच्या अध्यापकांनी या गोष्टीचा विचार करणे निकडीचे आहे. मोडी पत्राचे एक पान वर्गात विद्यार्थ्यांसमोर ठेवून त्याचे वर्ष कोणते हे त्यांनाच ठरवावयास सांगितले, तर इतिहास कशासाठी आणि कसा लिहावयाचा, या दोन्ही प्रश्नांना एकाच वेळी हात घातला जाईल.